आधी लेकीला विचारा, मग सुपारी फोडा

पिंपळगाव राजा आणि आसपासच्या गावांतल्या बचत गटांकडून आम्ही बोलतो आहोत. कुणी कापूस वेचून नुकतीच घरी आली असेल, कुणाच्या चुलीवर भाजी असेल, कुणाच्या पुढ्यात तुरीच्या शेंगा असतील. हातातलं काम चालू ठेवा आणि कान तेवढा इकडे द्या.

आज कर्ज, हप्ता आणि व्याज बाजूला ठेवू. आज गोष्टींबद्दल बोलायचं आहे. टीव्हीवरच्या मालिकेतली गोष्ट, वाचनालयातून आणलेल्या कादंबरीतली गोष्ट, आणि आता आपल्या पोरी रात्री पांघरुणात मोबाईलवर वाचतात ती गोष्ट. यातली एक गोष्ट नावं बदलून पुन्हा पुन्हा आपल्यापुढे येते. मुलीच्या मनात नसताना तिचं लग्न लावून देतात. कधी बापाच्या कर्जापायी, कधी घराण्याच्या अब्रूपायी, कधी बहीण पळून गेली म्हणून हिला बोहल्यावर उभं करतात. नवरा श्रीमंत, देखणा आणि तापट. तो तिला टाकून बोलतो, हात धरून ओढतो, खोलीत कोंडतो. ती रडते, चिडते. मग एका रात्री तिला ताप येतो आणि तो उशाशी बसून राहतो. एखाद्या दिवशी त्याला लागतं आणि ती पट्टी बांधते. होता होता तिला कळतं की आपला जीव याच्यावर जडला आहे. तिथून पुढे सगळं गोड.

आम्हीही अशा मालिका पाहतो. बैठकीत हप्ते गोळा होईपर्यंत कालच्या भागावर बोलणं होतंच. त्यामुळे मालिका बंद करा असं सांगायला आम्ही आलेलो नाही. आमचं म्हणणं वेगळं आहे. तुळशीचं लग्न लागलं की आपल्याकडे पाहुणे यायला लागतात. तिथून आखाजीपर्यंत सोयरिकी, साक्षगंध, लग्नं. या दिवसांत एखादी पोर चुलीपाशी बसून म्हणते, "मला हे लग्न नको." तेव्हा घरातली मोठी बाई तिला काय सांगते? "संसारात पडली की लागते गोडी. मन बसते आपोआप." मालिकेतली गोष्ट अशी आपल्याच तोंडून बाहेर पडते. म्हणून ती गोष्ट एकदा नीट तपासून पाहायला हवी.

ही गोष्ट काही फक्त आपल्याकडची नाही. इंग्रजांच्या देशात 1740 साली सॅम्युअल रिचर्डसन याची 'पामेला' ही कादंबरी आली. पामेला घरकाम करणारी पंधरा वर्षांची पोर. मालक तिच्या मागे लागतो, तिला कोंडून ठेवतो. ती शेवटपर्यंत त्याच्या हाती लागत नाही, आणि अखेर त्याच मालकाशी आनंदानं लग्न करते. पुढे 1919 साली ई. एम. हल या बाईंची 'द शेख' ही कादंबरी आली. त्यात वाळवंटात एका तरुणीला पळवून नेलेलं असतं आणि पळवणाऱ्यावरच तिचं प्रेम बसतं. 1921 साली त्यावर सिनेमा निघाला आणि तो फार चालला. लिहिणारी बाई, आवडीनं वाचणाऱ्या त्याही बायाच.

असं का होत असावं? आम्ही यावर बैठकीत बोललो. एकीनं साधं उत्तर दिलं. ती म्हणाली, "तिथं निदान तो बदलतो तरी." मैत्रिणींनो, खरं कारण हेच असेल. ज्या बाईला नाही म्हणायची सोय नसते, तिला ही गोष्ट धीर देते. तुला कुणी विचारलं नाही, पण ज्याच्या हाती तुला दिलं तो एक दिवस मऊ होईल, तुझी माफी मागेल, असं ती सांगते. गोष्टीतली पोर सुखी होते, कारण लिहिणारीनं त्या माणसाला चांगला करायचं आधीच ठरवलेलं असतं. आपल्या लेकीचा नवरा कसा निघेल, हे मात्र कुणी लिहून ठेवलेलं नसतं.

आता आपल्या मातीतल्या गोष्टी पाहू. सुरुवात आपल्या वऱ्हाडापासूनच करू. रुक्मिणी आपल्या विदर्भाची लेक. तिचं माहेर कौंडण्यपूर, अमरावती जिल्ह्यात, वर्धा नदीच्या काठी. तिथून आजही दर आषाढीला रुक्मिणीची पालखी पंढरपूरला जाते. लग्न जमत नसेल तर पोरीला रुक्मिणी स्वयंवराचं पारायण करायला सांगायची आपल्याकडे रीत आहे. एकनाथ महाराजांनी सोळाव्या शतकात लिहिलेला तो ग्रंथ. पण त्यात घडतं काय? रुक्मीनं, म्हणजे थोरल्या भावानं, बहिणीचं लग्न शिशुपालाशी ठरवलेलं असतं. वऱ्हाड येऊन पोचलेलं असतं. रुक्मिणी मान खाली घालून गप्प बसत नाही. ती स्वतः पत्र लिहिते, ब्राह्मणाच्या हाती द्वारकेला पाठवते आणि कृष्णाला कळवते की मला या लग्नातून घेऊन जा. लोक त्याला रुक्मिणीहरण म्हणतात, पण बोलावणं तिचं होतं. आता बघा, जो ग्रंथ आपण लेकीच्या हाती चांगला नवरा मिळावा म्हणून देतो, त्यातली लेक घरच्यांनी ठरवलेलं लग्न मोडते. देवीनं स्वतःच्या मनानं ठरवलं ते पुण्य, आणि आपल्या पोरीनं नुसतं "नको" म्हटलं तर ती उद्धट, हे कसं?

दुसरी गोष्ट पुराणातली नाही. ती आपल्या जिल्ह्यातली, खऱ्याखुऱ्या बाईची आहे. ताराबाई शिंदे बुलढाण्याच्या. त्यांचे वडील बापूजी हरी शिंदे बुलढाण्यात सरकारी कचेरीत होते आणि महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक समाजातले होते. 1881 साली सुरतेकडे विजयालक्ष्मी नावाच्या एका तरुण विधवेवर मूल मारल्याचा खटला चालला. त्यावरून वर्तमानपत्रांतून सगळ्या बायकांच्या जातीला नावं ठेवणं सुरू झालं. ताराबाईंना ते सहन झालं नाही. त्यांनी 1882 साली 'स्त्री पुरुष तुलना' हे पुस्तक लिहिलं आणि पुण्यात छापून घेतलं. त्यावर टीका झाली तेव्हा जोतीराव फुल्यांनी 'सत्सार'मधून त्यांची बाजू घेतली. नंतर ते पुस्तक विस्मरणात गेलं. 1975 साली स. गं. मालशे यांनी ते पुन्हा छापलं, म्हणून आज आपल्याला वाचायला मिळतं.

या पुस्तकाचं आजच्या विषयाशी नातं आहे. त्या काळी 'मुक्तामाला', 'मंजुघोषा' अशा कादंबऱ्या लोक आवडीनं वाचत. राजवाडे, संकटं, ताटातूट आणि शेवटी भेट, असा सगळा मामला. ताराबाईंनी अशा पुस्तकांचाही समाचार घेतला. गोष्टी लिहिणारे पुरुष बायकांना कशा रंगवतात आणि खऱ्या घरातल्या बाईची दशा काय असते, हे त्यांनी समोरासमोर ठेवलं. नवरा हा देव मानायचा, तर आधी त्यानं देवासारखं वागावं, असा त्यांचा रोकडा हिशोब होता. आणि मन दोघांनाही असतं, हा त्यांच्या लिहिण्याचा गाभा. जे पुरुषाला आवडत नाही ते तो झिडकारतो, मग न आवडणाऱ्या माणसाबरोबर जन्म काढायची सक्ती बाईवरच का? एकशे चाळीस वर्षांपूर्वी बुलढाण्याच्या एका बाईनं हे विचारलं. आज आपल्या शाळेतल्या किती मुलींना ताराबाईंचं नाव माहीत आहे, ते घरी विचारून बघा.

आता नाटक-सिनेमा. गोविंद बल्लाळ देवल यांचं 'संगीत शारदा' 1899 साली रंगभूमीवर आलं. शारदा लहान वयाची मुलगी. तिचा बाप कांचनभट पैशाच्या लोभानं तिला भुजंगनाथ नावाच्या श्रीमंत म्हाताऱ्याला द्यायला निघतो. प्रेक्षक हळहळतात, आई तळमळते, आणि ऐन वेळी लग्न मोडतं. पण ते कशानं मोडतं? मुलगी नको म्हणते म्हणून मोडत नाही. नवरा-नवरीचं गोत्र एकच निघालं म्हणून मोडतं. म्हणजे गोत्र वेगळं असतं तर अक्षता पडल्याच असत्या. ज्या नाटकानं महाराष्ट्राला रडवलं, त्यातही मुलीच्या नकारानं मांडवातलं काहीच हललं नाही. नाटक लिहिणाऱ्यानं त्या काळच्या समाजाचं माप किती नेमकं घेतलं होतं, ते यावरून कळतं.

पुढे 1929 साली बालविवाहाला आळा घालणारा कायदा झाला. आपल्याकडे त्याला शारदा कायदा म्हणत, म्हणून कित्येकांना ते नाव नाटकावरून पडलं असं वाटतं. खरं म्हणजे ते कायदा मांडणाऱ्या हरबिलास सारडा यांच्या नावावरून पडलं. त्या कायद्यानं मुलीचं वय चौदा आणि मुलाचं अठरा ठरलं. 1978 साली ते मुलीचं अठरा आणि मुलाचं एकवीस झालं.

नाटकानंतर जवळपास चाळीस वर्षांनी, 1937 साली, प्रभात कंपनीचा 'कुंकू' हा सिनेमा आला. व्ही. शांताराम यांनी केलेला. मूळ कादंबरी नारायण हरी आपटे यांची, तिचं नावच 'न पटणारी गोष्ट'. यातल्या नीराला मामा फसवून एका वयस्कर विधुर वकिलाच्या गळ्यात बांधतो. शांता आपटे यांनी ती नीरा केली. नीरा सासरी जाते, पण हे लग्न मला मान्य नाही म्हणते आणि त्या माणसाला नवरा मानायला नकार देते. आजच्या मालिकेच्या चालीनं गेलो तर सिनेमा संपेपर्यंत तिचं त्याच्यावर प्रेम बसायला हवं होतं. तसं होत नाही. तो म्हातारा वाईट नाही, त्याला हळूहळू आपली चूक कळते, नीरालाही त्याचं दुःख दिसतं. पण दया वेगळी आणि नवरा मानणं वेगळं, ही रेघ ती पुसू देत नाही. शेवटी तो जीव देतो आणि तिला मोकळं करतो. हा शेवट आम्हाला बोचतो, कारण बाईची सुटका व्हायला कुणी मरावं लागू नये. तरीही ऐंशी-नव्वद वर्षांपूर्वी असा सिनेमा निघाला आणि घरोघरच्या बायांनी तो पाहिला, ही मोठी गोष्ट आहे.

इथं आमच्या बैठकीतल्या एका आजीबाईंनी आम्हाला अडवलं होतं. त्या म्हणाल्या, "आमाले कोनं इचारलं व्हतं? मंग का आमचा संसार झाला नाई?"

बरोबर आहे. त्यांचा संसार झाला. आपल्यापैकी पुष्कळ जणींचा झाला. न विचारता लग्न झालं आणि पुढे माया जडली, अशी जोडपी आपल्या प्रत्येक गल्लीत आहेत. त्यांचं प्रेम खोटं आहे असं म्हणायची आमची छाती नाही, आणि तसं ते नाहीही. म्हणून आता दोन खऱ्या बायांची हकीगत सांगतो. दोघींचं लग्न अकराव्या वर्षाच्या सुमारास झालं, तेही दोन-तीन वर्षांच्या अंतरानं.

पहिली रमाबाई रानडे. 'उंच माझा झोका' ही मालिका तुम्ही पाहिली असेल, ती त्यांच्यावरच होती. 1873 साली न्यायमूर्ती महादेव गोविंद रानड्यांशी त्यांचं लग्न झालं. रानडे तेव्हा तिशी ओलांडलेले, पहिली बायको नुकतीच वारलेली. ते विधवाविवाहाच्या बाजूचे सुधारक. त्यांना लहान मुलीशी लग्न करायचं नव्हतं, पण वडिलांनी हट्ट धरला आणि त्यांना मान तुकवावी लागली. म्हणजे इथं नवऱ्या मुलावरच सक्ती झाली होती, आणि नवरीला तर कुणी विचारलंच नव्हतं. लग्नानंतर रानड्यांनी तिला अक्षर ओळखायला शिकवलं, मग मराठी, मग इंग्रजी. घरातल्या बाया टोचून बोलत, ती सोसून शिकली. दोघांमध्ये खरा जिव्हाळा झाला. त्यांच्या माघारी रमाबाईंनी आठवणी लिहिल्या, पुण्याचं सेवासदन उभं केलं.

दुसरी रखमाबाई, मुंबईच्या. त्यांचंही लग्न अकराव्या वर्षी दादाजी भिकाजी यांच्याशी लावून दिलं. त्या माहेरीच राहिल्या, शिकत राहिल्या आणि मोठ्या झाल्यावर म्हणाल्या, मी या माणसाकडे नांदायला जाणार नाही. दादाजींनी 1884 साली कोर्टात दावा लावला. पहिला निकाल रखमाबाईंच्या बाजूनं गेला, पण अपिलात तो फिरला. 1887 साली कोर्टानं सांगितलं, नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. त्या म्हणाल्या, मला तुरुंग चालेल. सगळ्या देशात खळबळ माजली. शेवटी 1888 साली दोन हजार रुपये घेऊन दादाजींनी दावा सोडला. रखमाबाई विलायतेला गेल्या, 1894 साली डॉक्टर झाल्या, परत आल्या आणि सुरत, राजकोट इथं बायांच्या दवाखान्यात वर्षानुवर्षं काम केलं.

आता या दोघींना शेजारी बसवा. लग्नाची रीत एकच, वय एकच, विचारलं कुणालाच नाही. एकीला जिव्हाळा मिळाला, दुसरीला कोर्टाची पायरी चढावी लागली. मग फरक कशानं पडला? लग्न लावून देण्यानं प्रेम होत असतं तर दोघींनाही झालं असतं. रमाबाईंचं भलं झालं, ते समोरच्या माणसानं तिला माणूस मानलं म्हणून, आणि तिनं रात्री जागून अक्षरं गिरवली म्हणून. बापानं केलेल्या सक्तीचा त्यात काहीही वाटा नाही.

आजीबाईंना आम्ही हेच सांगितलं. आजी, तुमच्या संसारात प्रेम झालं ते तुम्ही केलं. तुम्ही दोघांनी दुष्काळ काढले, पोरं वाढवली, एकमेकांची दुखणी काढली. ती तुमची कमाई आहे. तिचं श्रेय न विचारता लग्न लावणाऱ्यांना देऊ नका. आणि ज्यांच्या वाट्याला ते आलं नाही, त्या आपल्या गल्लीतल्या दुसऱ्या बाया आठवा. त्यांची गोष्ट कुणी मालिकेत दाखवत नाही. आजी बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "माई बहीण तशीच गेली." बैठकीत कुणालाच पुढे बोलवेना.

मैत्रिणींनो, आता घरातल्या दुसऱ्या बाजूचंही ऐकू. आईबाप काही कांचनभट नसतात. लेक विकायची म्हणून कुणी लवकर लग्न करत नाही. पोरगी दहावी झाली, पुढचं कॉलेज दूर, एसटीची वेळ जुळत नाही, रस्त्यात टवाळखोर. बाप म्हणतो, काही बरंवाईट झालं तर तोंड कुठं दाखवू? थोरलीच्या मांडवातच धाकटीचं उरकलं तर एक खर्च वाचतो. सोयाबीनला भाव नाही, कापूस भिजला, पुढच्या वर्षी हुंडा वाढला तर काय, ही धास्ती. एखादं स्थळ घरी चालत येतं आणि "मुलीला शिकवू" म्हणतं. ही भीती खरी आहे. पण भीती आपली आणि तिची किंमत मोजायची पोरीनं, असा हा व्यवहार होतो. 2019 ते 2021 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातल्या 20 ते 24 वर्षांच्या दर शंभर तरुणींपैकी सुमारे 22 जणींचं लग्न अठराच्या आत झालेलं निघालं. म्हणजे पाच पोरी एका ओळीत उभ्या केल्या तर त्यातली एक.

मग बचत गट यात काय करू शकतो? पुष्कळ करू शकतो, कारण लग्नाचा पैसा आपल्याच वहीतून जातो. गटाच्या अंतर्गत कर्जात दवाखाना, बी-बियाणं, शाळा यांच्याबरोबर "मुलीचं लग्न" हे कारण नेहमी असतं. आम्ही म्हणतो, तीन गोष्टींचा ठराव करा आणि तो इतिवृत्तात लिहा. पहिली गोष्ट, लग्नासाठी कर्ज मागणी आली तर मुलीच्या वयाचा दाखला पाहायचा, शाळा सोडल्याचा किंवा जन्माचा. अठरा पूर्ण नसतील तर कर्ज नाही. दुसरी गोष्ट, अठरा पूर्ण असली तरी गटातल्या दोघी जणी मुलीला भेटून तिचं मन विचारतील. तिसरी गोष्ट, शिक्षणासाठी कर्ज मागणी आली तर तिला लग्नाच्या मागणीच्या आधी नंबर. कुणी म्हणेल, ही घरातली गोष्ट, गटाचा काय संबंध? संबंध हप्त्याचा आहे. लेक परत आली, संसार मोडला, तर ते कर्ज फेडणारी आई आपलीच सभासद असते.

मुलीला विचारायचं कसं, तेही सांगतो. पाहुणे ओट्यावर बसलेले, बाप दारात उभा, आणि आपण विचारायचं, "पसंत आहे ना गं?" याला विचारणं म्हणत नाहीत. पोरगी मान खाली घालते आणि आपण म्हणतो, लाजली म्हणजे हो. लाज, भीती आणि होकार, तिन्हीत मान खालीच जाते. म्हणून सुपारी फुटायच्या आधी विचारा. तिला एकटीला विचारा, शेतात जाताना, भांडी घासताना. जिच्याशी ती मोकळी बोलते अशा बाईनं विचारावं, मावशी, आत्या, अंगणवाडीताई, कुणीही. "मुलगा कसा वाटला" याच्या आधी "तुला आत्ता लग्न करायचं आहे का" हे विचारा. तिनं नाही म्हटलं तर "दुसरं कुणी आहे का" असा पहिलाच दम भरू नका. आणि तिनं वेळ मागितला तर तो द्या. साक्षगंध पुढे ढकललं म्हणून आभाळ कोसळत नाही. मुलालाही विचारा. रानड्यांसारखा एखादा मुलगाही बापापुढे बोलू शकत नाही.

कायद्याचंही लक्षात ठेवा. 2006 च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्याप्रमाणे मुलगी अठराच्या आत किंवा मुलगा एकवीसच्या आत असेल तर ते लग्न ठरवणारे, लावणारे यांना दोन वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि एक लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. गावात बालविवाह होत असेल तर ग्रामसेवकाला कळवा, बालविवाह थांबवायची जबाबदारी त्यांच्यावर आहे. अंगणवाडीताईंनाही सांगता येतं. 1098 हा मुलांसाठीचा मदतीचा फोन आहे, 112 वर पोलीस येतात, 181 हा बायांसाठी आहे. असं लग्न होऊन गेलं असेल तर मुलीला वयाच्या विसाव्या वर्षापर्यंत ते कोर्टातून रद्द करून घेता येतं. अठरा पूर्ण झालेल्या मुलीचं लग्न जबरदस्तीनं किंवा फसवून लावलं असेल, तर हिंदू विवाह कायद्यातही ते रद्द करायची सोय आहे. मात्र जबरदस्ती संपल्यापासून किंवा फसवणूक कळल्यापासून वर्षाच्या आत दाद मागावी लागते. म्हणून "बघू, होईल सुरळीत" म्हणत थांबू नका. तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे बाईला मोफत वकील मिळतो.

पोरींनो, तुम्हीही ऐकत असाल. तुमच्याशी दोन शब्द. मोबाईलवरची गोष्ट जरूर वाचा. ती वाचताना गाल गरम होतात, काळीज धडधडतं, त्यात लाजण्यासारखं काही नाही. फक्त एक खेळ करून बघा. त्या गोष्टीतल्या नवऱ्याचा बंगला, गाडी आणि देखणेपण काढून टाका. त्याच्या जागी आपल्याच गल्लीतला एखादा तापट माणूस उभा करा आणि तेच वाक्य त्याच्या तोंडी घाला. तोच हात धरून ओढणं, तोच फोन काढून घेणं, तेच कडी लावणं. अजूनही ते प्रेम वाटतं का? वाटत नसेल, तर ते आधीही प्रेम नव्हतं. जो तुमचं "नाही" ऐकून थांबतो, त्याच्याविषयी गोष्ट लिहिणारी कुणीतरी तुमच्यातूनच निघो. रखमाबाईंनी 1885 साली आपलं नाव न सांगता 'एक हिंदू स्त्री' या सहीनं वर्तमानपत्रात पत्रं लिहिली होती. ताराबाईंनी तर नावानिशी पुस्तक काढलं. तुमच्या हातात तर पेनही आहे आणि फोनही.

आणि बायांनो, पुढच्या बैठकीत हप्ते गोळा झाले की वही लगेच मिटू नका. प्रत्येकीनं आपल्या लग्नाच्या वेळी आपल्याला कुणी काय विचारलं होतं, ते एकेका वाक्यात सांगा. काही जणी हसतील, काही जणी रडतील, काही जणींना आठवणारच नाही. मग या हंगामात आपल्या गटातल्या कोणाकोणाच्या घरी पाहुणे यायचे आहेत, त्यांची नावं काढा आणि त्या पोरींशी कोण बोलणार ते तिथंच ठरवा. सुपारी फुटायच्या आधी बोलणं व्हायला हवं, म्हणून तारखाही लिहून घ्या.

आम्हाला कळवा तुमच्या गटानं काय ठरवलं ते.